सूक्ष्माचार्य सुटले होते

शिवाजी पेठेतल्या आमच्या मंडळाच्या खोलीत भिंतीवर एक ढाल आहे. गणपतीतल्या तांत्रिक देखाव्यात आमचा शहरात पहिला नंबर आला होता, त्याची. ढालीवर मंडळाचं नाव आहे आणि त्याखाली बारीक अक्षरात ‘संकल्पना व यांत्रिकी : बाळू मिस्त्री’. यातली यांत्रिकी माझी होती. संकल्पना माझी नव्हती. आणि ज्या शेवटासाठी ती ढाल मिळाली, तो शेवट तर कुणाच्याच मनात नव्हता. मंडळाच्या स्मरणिकेच्या संपादकांनी सांगितलं, ‘तुमच्या धंद्यातल्या चार गमती लिहा.’ गमती लिहितोच. पण चाळीस वर्षं एका निरपराध माणसाला मी विहिरीत ठेवलं होतं, तेही सांगणार आहे.

धंदा मोटार रिवायंडिंगचा. विहिरीवरची, नदीवरची किंवा पिठाच्या गिरणीतली मोटार जळाली की लोक ती माझ्याकडे आणायचे. मोटारीच्या पोटात तांब्याच्या तारेची वेटोळी असतात. जळकी तार छिन्नीनं तोडून काढायची, तिचे वेढे मोजायचे, तितकेच वेढे नव्या तारेचे भरायचे आणि वर वार्निश पाजायचं. यात मोजणं महत्त्वाचं. मध्येच कुणी रामराम घातला की मागचा आकडा गेला. म्हणून मी दुकानात पाटी लावली होती : ‘मिस्त्री मोजत असल्यास बोलू नये.’ येणारा माणूस ती पाटी मोठ्यानं वाचायचा आणि लगेच विचारायचा, “मोजाय लागलाय व्हय, मिस्त्री?”

जळलेली मोटार खोटं बोलत नाही, हे या धंद्यानं मला शिकवलं. तीन फेजपैकी एक गेली असताना कुणी मोटार रेटली, तर दोन गटांची वेटोळी कोळसा होतात आणि तिसरा गट कोरा करकरीत राहतो. कसबा बावड्याचे एक पाटील एकदा मोटार घेऊन आले. म्हणाले, “हात लावला न्हाय, मिस्त्री. बसल्या बसल्या जळली.”

मी झाकण काढलं. “पाटील, एक फ्यूज गेलता. तरीबी तुम्ही दोन तास चालवलीसा.”

पाटलांचा चेहरा पडला. “आमची मंडळी येऊन सांगून गेली काय तुला?”

“मंडळी कशाला? मोटारच सांगतीया.”

त्यानंतर पाटील माझ्याकडे जरा भीतभीतच यायचे. मला त्याचा अभिमान होता. खोटं कुठं जळलंय ते मी वासावरून ओळखतो, असं मी सांगत फिरायचो. तो अभिमान पुढं कुणी उतरवला, ते येईलच.

बिद्रीकडचे एक पावणे आठवतात. त्यांच्या मोटारीच्या पंख्याच्या झाकणात उंदरीण व्यायली होती. डोळे न उघडलेली सहा पिल्लं. मी चिमटा घेतला तसे पावणे आडवे झाले. “बाळंतीण हाय ती. चार दिस थांबूया.” शेतात ऊस पाण्याला टेकलेला, आणि हा माणूस रोज एस.टी.नं येऊन उंदरीण बघून जायचा. पाचव्या दिवशी उंदरीणच पिल्लं उचलून घेऊन गेली, तेव्हा मोटार भरली. पुढच्या गुळाच्या हंगामात त्यांनी गुळाची एक ढेप पाठवली. ‘अर्धी बाळंतिणीला’ असा निरोप होता.

अकरा महिने हे असं. गणपतीच्या आधीचा एक महिना मात्र मोटारी मागं पडायच्या आणि देखावा पुढं यायचा.

तांत्रिक देखावा म्हणजे हलणाऱ्या पुतळ्यांचं नाटक. आमच्याकडे त्याचं वेड आहे. पुतळा फोमचा आणि कापडाचा, आत लोखंडी सळ्या. हात हलवायला भंगारातल्या जीपच्या वायपरची मोटर, कारण काच पुसताना ती पातं इकडून तिकडं नेते, आणि राजाला आशीर्वाद द्यायला तेवढंच लागतं. कोणता पुतळा कधी हलायचा, कोणता दिवा कधी लागायचा, हे ठरवायला मी एक ड्रम बनवला होता. लाकडाचं मोठं लाटणं म्हणा ना. त्याच्यावर शेजारी शेजारी रांगा आखलेल्या, एकेका रांगेत तांब्याच्या पट्ट्या ठोकलेल्या. वरून प्रत्येक रांगेवर पितळेचं एक बोट टेकलेलं. ड्रम बारा मिनिटांत सावकाश एक फेरा घ्यायचा. बोटाखाली पट्टी आली की त्या रांगेची मोटर चालू, पट्टी संपली की बंद. एवढंच. पण बघायला येणाऱ्यांना ती जादू वाटायची, आणि मी ती वाटू द्यायचो.

आता गोष्टीच्या मालकाकडे येतो. माझ्या दुकानासमोर रसूलभाई शिंप्यांचं दुकान होतं. माझ्याहून सहा वर्षांनी मोठे. शिवण एक नंबर, पण कपडे दिलेल्या वेळेला कधी मिळायचे नाहीत. गिऱ्हाईक तावातावानं आलं की रसूलभाई मशीन थांबवायचे, चष्मा कपाळावर चढवायचे आणि त्याला एक गोष्ट सांगून परत पाठवायचे. त्या सगळ्या गोष्टी धागापूर नावाच्या राज्यातल्या. म्हणजे पँट तयार का नाही, तर धागापुरात काल काय झालं ते आधी ऐका. गिऱ्हाईक हसत जायचं. दुसऱ्या दिवशी पँटपेक्षा गोष्टीचं पुढं काय झालं ते विचारायला यायचं.

धागापुरात दिवस उजाडत नाही, तो कापडाच्या ठाणातून फाडून मिळतो. राजा रेशीमसेन रोज सकाळी गजानं मोजून प्रत्येकाला एकेक दिवस देतो. त्या राज्यात सूक्ष्माचार्य नावाचे मोठे विद्वान होते. सुईच्या नेढ्यातून जग बघून त्यांनी बारा ग्रंथ लिहिले, आणि तेरावा लिहायच्या ऐवजी एक यंत्र काढलं. उसवणयंत्र. ज्याचा एखादा दिवस वाईट गेला असेल त्यानं तो घेऊन यावा. आचार्य त्याची शिवण उसवून तो दिवस आयुष्यातून काढून देणार. भांडण केलंत? उसवा. भर पंगतीत अपमान झाला? उसवा. आचार्यांच्या दारात रांग लागली. पण धागापूरचं कापड सगळ्यांचं मिळून एकच होतं. एकाचा दिवस उसवला की शेजाऱ्याचा टाका सुटायचा. कुणी बायकोशी झालेलं भांडण उसवलं, तर त्याच दिवशी शेजारच्या गोठ्यात जन्मलेलं वासरू नाहीसं झालं.

मी म्हटलं, “रसूलभाई, याचा देखावा करूया.”

“करूया की. पर आवाज माझा. तुमच्या त्या नाटकवाल्याचा आवाज घशात कापूस कोंबल्यागत येतोय.”

पहिल्या वर्षी यंत्र निघालं, दुसऱ्या वर्षी वासरू गेलं. रसूलभाई गोष्ट लिहायचे, कॅसेटवर बोलायचे आणि पुतळ्यांचे अंगरखेही शिवायचे. हे मात्र वेळेवर. दुसऱ्या वर्षी सातव्या दिवशी राजाच्या मानेतला खटका तुटला आणि महाराजांचं डोकं भर गर्दीसमोर गरगर फिरायला लागलं. मी मागं घामाघूम. रसूलभाईंनी शांतपणे माइक उचलला आणि सांगितलं, “महाराजांचं चारी दिशांना लक्ष होतं.” टाळ्या पडल्या. दुसऱ्या दिवशी पेठेतले लोक येऊन विचारायला लागले, “आज राजाची मान फिरना का?” मग मला ती मुद्दाम फिरवावी लागली. आमची काम करायची पद्धतच ही होती. चूक झाली की तिलाच गोष्ट म्हणायचं.

सूक्ष्माचार्यांवरून पेठेत दोन तट पडले. तालमीचे मारुती वस्ताद आचार्यांच्या पक्के विरोधात. वस्तादांचा गळा असा की ते कुजबुजले तरी रंकाळ्यापर्यंत ऐकू जावं. “वासराचं काय? वासराची आई हंबरतीया आणि ह्यो सुकमाचार्य पोथ्या लिवतोय! ढकला हिरीत!” उलट बाजूला चहावाले, शाळेतले गुरुजी आणि यच्चावत बायका. “त्यानं गरिबांचं दुख कमी केलं की ओ!” माझ्याकडे मोटार घेऊन आलेला शेतकरी आधी विचारायचा, “आचार्याला यंदा सोडणार का न्हाय?” आणि मग मोटारीचं सांगायचा.

तिसऱ्या वर्षी खटला होता. उसवलेले दिवस जिच्यात टाकायचे, त्या विसरविहिरीवर एक फळी. सुरुवातीच्या प्रवेशात शिपाई त्या फळीवर उसवलेल्या दिवसांचं गाठोडं ठेवतात, फळी कलंडते आणि गाठोडं आत जातं. शेवटी त्याच फळीवर आचार्यांना उभं करतात. राजा विचारतो, “दोषी की निर्दोष?” ढोल वाजतो. मग फळी हलायची नव्हती. आचार्य बोलणार होते, राजा त्यांना सोडणार होता, आणि त्यांच्या मागून एक भलीमोठी वाकळ सावकाश वर चढणार होती. ती वाकळ रसूलभाईंनी वर्षभर शिवली होती. कशाची, ते त्यांनी मलाही सांगितलं नव्हतं. “वर चढू दे. लोकंच सांगतील,” एवढंच.

देखावा उघडायच्या आदल्या दिवशी ते बिद्रीला गेले. त्यांच्या थोरलीला तिथं दिलं होतं, जावई कारखान्यात, आणि मुलीला कळा सुरू झाल्याचा निरोप आला होता. जाताना कॅसेट आणि वाकळ माझ्या हातात दिली. “बाळू, माझ्या माणसाला नीट सोडव रं.”

दुसऱ्या दिवशी दुपारी मी ड्रमवर शेवटची पट्टी ठोकत होतो. वाकळीची. तेवढ्यात एक मोटार आली. तो माणूस दारातच बसला, पाणी तुटलं होतं म्हणाला. मी हातोडी खाली ठेवली, मोटार भरली, घाईत परत येऊन पट्टी ठोकली आणि ड्रम उचलून मंडपात नेला. चाचणी घ्यायला वेळ राहिला नव्हता. संध्याकाळी परीक्षक आले. गर्दी पार चौकापर्यंत.

राजानं विचारलं, “दोषी की निर्दोष?” ढोल वाजला. आणि फळी कलंडली. सूक्ष्माचार्य हात जोडलेल्या अवस्थेतच विहिरीत गेले. त्यांच्या पोटातली सळी खालच्या तारांवर आपटली, फ्यूज उडाला, आणि दिवे, ढोल, कॅसेट, सगळं एकदम बंद. काळोख. शेकडो माणसं, आणि एक शब्द नाही. मग कुणीतरी बाई हुंदका देऊन म्हणाली, “मारला गं त्याला!” आणि त्यानंतर जी टाळ्यांची कडकड झाली, तशी मी परत कधी ऐकली नाही.

दहा मिनिटांत मला चूक सापडली. वाकळीची पट्टी मी शेजारच्या रांगेत ठोकली होती. फळीच्या रांगेत. एका बोटाचं अंतर. ती काढून बोटभर सरकवली की झालं. हातात पक्कड होती. तेवढ्यात परीक्षकांतले एक जण मागच्या बाजूला आले आणि त्यांनी माझा हात हातात घेतला. म्हणाले, “काय धाडस! तो शेवटचा काळोख अंगावर येतो हो. कुणाला सुचलं हे?”

मी म्हणालो, “मला.”

पट्टी तिथंच राहिली. फ्यूज उडवायची गरज पडू नये म्हणून काळोखासाठी मी आणखी एक पट्टी ठोकली. कॅसेटवर ढोलानंतर आचार्यांचं आणि राजाचं बोलणं होतं, ते आता काळोखात ऐकू आलं असतं. म्हणून दुकानात बसून मी कॅसेट उघडली, ब्लेडनं दोन हात टेप कापून काढली आणि पुढं-मागं जोडून टाकली. दोन हातांत वीस सेकंद मावतात. तो तुकडा फेकवला नाही. बिस्किटांच्या डब्यात ठेवला. वाकळ तर घडी घालून पेटीखाली.

रसूलभाई सातव्या दिवशी आले, नातवाचे पेढे घेऊन. रांगेत उभे राहून त्यांनी देखावा बघितला. मग मागं आले.

“माझं शेवटचं बोलणं कुठं गेलं, बाळू?”

“टेपरेकॉर्डरनं टेप खाल्ली, भाई.”

“बघू.” त्यांनी कॅसेट घेतली, करंगळीनं टेप थोडी बाहेर ओढली, जोड बघितला, परत आत गुंडाळली. “मग परत बोलतो की. दहा मिनटाचं काम.”

मी मान खाली घातली. “आता ऱ्हाऊ दे, भाई. निकाल लागलाय. पैला नंबर.”

त्यांनी माझ्या हातात पेढा ठेवला आणि म्हणाले, “नातू झालाय. तोंड गोड कर.” वाकळ काखेला मारून घरी गेले.

मला जे सांगायचं आहे ते खरं तर यापुढचं आहे. आचार्यांना मारल्याचा राग लोकांनी माझ्यावर काढला नाही. गोष्ट शिंप्याची, हे पेठेला माहीत होतं. बायका दुकानासमोरून जाताना म्हणायच्या, “काळीज न्हाय तुमाला, रसूलभाई!” चहावाल्यानं महिनाभर त्यांना साखर कमी घातली. मारुती वस्ताद मात्र नारळ घेऊन सत्काराला गेले, आणि त्यांना तेच जास्त लागलं असणार. रसूलभाईंनी एकदाही कुणाला सांगितलं नाही की हा शेवट माझा नव्हे. नारळ घेतला, टोमणे घेतले, मशीन मारत राहिले. पुढच्या वर्षी मंडळानं नवी गोष्ट मागितली तर म्हणाले, “धागापुरात आता कोण ऱ्हात न्हाय.” गिऱ्हाइकांचे कपडे तेव्हापासून वेळेवर मिळायला लागले. लोकांना वाटलं, शिंपी सुधारला.

आमचं येणंजाणं राहिलं. माझ्या लग्नातला कोट त्यांनी शिवला, माझ्या पोरांचे शाळेचे सदरे त्यांनी शिवले. वर्षानुवर्षं दुपारचा चहा एकत्र. पण सूक्ष्माचार्यांचं नाव दोघांनीही काढलं नाही. पुढं ते मुलाकडे बावड्याला राहायला गेले, तेव्हा दुपारचा चहा मी एकट्यानं घ्यायला लागलो आणि तो मला कडू लागायला लागला.

यंदा मंडळाचा तरुण अध्यक्ष दुकानात आला. “आजोबा, तो काळोखाचा शेवट लई भारी हुता म्हणत्यात. कसा सुचला त्यावर स्मरणिकेत लिवा की. नादखुळा हुईल!”

मी ‘बघतो’ म्हणालो. आतून सगळं ऐकत असलेली माझी बायको मालन बाहेर आली. तिला लग्नापासून सगळं माहीत. बिस्किटांचा डबा माझ्यासमोर आदळून ती म्हणाली, “आता छापून खोटं बोलणार? तोंडी खोट्यानं पोट भरलं न्हाय व्हय?”

दुसऱ्या दिवशी सकाळी बावड्याला गेलो. रसूलभाई गॅलरीत उन्हाला बसले होते. डोळे अधू झालेत, कान नाहीत झालेले. मी डबा त्यांच्या मांडीवर ठेवला आणि सगळं सांगितलं. पट्टी, फ्यूज, ‘मला’, ब्लेड.

त्यांनी डब्यातला टेपचा तुकडा बोटांत घेतला आणि त्याच्या टोकावरून अंगठा फिरवला.

“म्हायती हाय मला,” ते म्हणाले.

“काय म्हायती हाय?”

“कापलीस ते. मशीननं खाल्ली असती तर कडा चुरगळली असती. तुझा काट सरळ हुता. उभा जलम कापड कापलंय मी, बाळू. दात कुठला आन् पातं कुठलं, वळखत न्हाय व्हय?”

जळकी मोटार वाचणारा मी. माझं जळकं तो माणूस पहिल्याच दिवशी करंगळीनं वाचून गेला होता.

“मग बोलला का न्हाईसा?”

“तू बोलशील म्हणून थांबलो. जरा उशीर केलास.”

मी त्यांचे पाय धरायला वाकलो तर त्यांनी माझा कान धरला. शाळेतल्या पोरासारखा. “माफी-बिफी नगं मला. माझ्या माणसाला भाईर काढ हिरीतनं. लई दिवस झालं, गारठला असंल.”

मग जे तीन आठवडे गेले, तसे माझ्या आयुष्यात फार थोडे गेले असतील. ड्रम माझ्या दुकानात बाकाखाली होता, वाळवीनं एकच कोपरा खाल्लेला. राजा रेशीमसेनाचं धड मिळालं नाही, ते नवं केलं; पण डोकं मंडळाच्या माळ्यावर होतं. सूक्ष्माचार्य सापडले ते तालमीत. मारुती वस्तादांनी त्यांना आखाड्याच्या कोपऱ्यात उभं केलं होतं, आणि पैलवान जोर मारून झाले की जाताजाता त्यांच्या टाळूवर एकेक टपली मारायचे. चाळीस वर्षांच्या टपल्यांनी आचार्यांना चांगलंच टक्कल पडलं होतं.

वस्ताद आता नव्वदीला टेकलेत, गळा मात्र तसाच. “गुन्हेगार हाय त्यो! न्हाय देणार!”

“वस्ताद, फेरसुनावणी हाय.”

“मग मीबी येणार. सरकारी वकील मीच.”

रसूलभाईंना मुलगा रोज सकाळी माझ्या दुकानात सोडायचा. त्यांनी आचार्यांना हातानं चाचपून नवा अंगरखा शिवला. सुईत दोरा मालन ओवून द्यायची. मी पुतळ्याला नवी सळी घातली तर ते म्हणाले, “कमरेत जरा वाकव. चाळीस वर्सं हिरीत हुता, ताठ कसा उभारंल?” आम्ही दोघं इतके हसलो की मालन बघायला आली. टेपचा तुकडा मी जागेवर परत जोडला. तीनदा करावं लागलं. आणि ड्रमवरची ती पट्टी. तिला पक्कड लावली, पट्टी निघाली, खाली लाकडाचा रंग अजून कोरा होता. काळोखाची पट्टी आधीच उपटली होती; ही बोटभर सरकवून ठोकली. या वेळी आजूबाजूला पाच जण उभे राहून बघत होते, आणि पाची जण एकदम ओरडले, “हितंच काय, मिस्त्री? बगा हं!”

रविवारी संध्याकाळी पाच वाजता मंडळाच्या खोलीत खेळ ठेवला. जुने लोक आले, काहींना खुर्चीसकट उचलून आणलं. आधी मी उभा राहिलो आणि इथं लिहिलं ते सगळं माइकवर सांगितलं. चहावाल्याचा मुलगा म्हणाला, “आमच्या बानं उगंच साखर कमी घातली की मग.”

ड्रम फिरायला लागला. कर्रकर्र आवाज करत. गाठोडं विहिरीत गेलं. आचार्य वाकून फळीवर उभे राहिले. राजानं विचारलं, “दोषी की निर्दोष?”

“दोषी!” वस्ताद गरजले. ढोल वाजला. मी डोळे मिटून घेतले.

फळी हलली नाही. टेपच्या जोडावर ‘टक्’ असा आवाज आला, आणि मग तरण्याताठ्या रसूलभाईंचा आवाज खोलीत भरला : “महाराज, चूक माझीच. पण ती उसवू नका. उसवलं की शेजाऱ्याचा टाका जातो. ठिगळ लावा, आणि ते दिसू द्या.” राजानं हात वर केला. “सोडा त्यांना. आजपासून आचार्य चौकात बसतील आणि ज्याचा दिवस फाटलाय त्याला ठिगळ लावून देतील.”

मागून वाकळ वर चढायला लागली. चाळीस वर्षं रसूलभाईंच्या घरात पांघरलेली, धुऊन धुऊन मऊ झालेली. तिच्यात हजारभर तुकडे होते, रंगीबेरंगी, बोटाएवढे, तळहाताएवढे. आधी कुणाला काही कळलं नाही. मग मागच्या खुर्चीतून एक म्हातारी म्हणाली, “ते जांभळं… ते माझ्या आईच्या चोळीचं हाय.”

पेठेतल्या प्रत्येक घराचं कापड रसूलभाईंच्या कात्रीखालून गेलं होतं, आणि प्रत्येकाचं एकेक कात्रण त्यांनी ठेवलं होतं. ते हे. लोक खुर्च्या सोडून पुढं धावले. “ह्यो माझ्या मुंजीतला सदरा!” “ही आमच्या अण्णांची पँट, बटणाला भांडलेली!” कुणी रडत होतं, कुणी एकमेकाला ढकलत होतं, मधे रेशीमसेन महाराज दोन्ही हातांनी आशीर्वाद देत होते, आणि त्यांची मान, शपथेवर सांगतो, आपोआप गरगर फिरायला लागली होती. वस्ताद काठी टेकत वाकळीपाशी गेले. एका तांबड्या तुकड्यावर त्यांनी बोट ठेवलं.

“ह्ये माझ्या शेवटच्या कुस्तीच्या फेट्याचं कापड.” गळा पहिल्यांदाच खाली आला होता. “म्हंजे सुटला व्हय त्यो?”

“सुटला, वस्ताद. पयल्यापास्नंच सुटलावता,” रसूलभाई म्हणाले.

“मग चाळीस वर्सं आमी टपल्या कुणाला मारल्या?”

वस्तादांनी जरा विचार केला, वळले, आणि माझ्या टकलावर एक टपली मारली. मग खोलीभर जो हशा पिकला तो मी अजून कानात घेऊन फिरतोय. मग रांगच लागली, एकेक म्हातारा आला आणि आपापली टपली वसूल करून गेला.

सगळे गेल्यावर मी रसूलभाईंना म्हणालो, “त्या जोडावर टक् वाजतंय, भाई. नातीला सांगून काँप्युटरवर काढून टाकतो.”

“नगं,” ते म्हणाले. “ठिगळ हाय ते.”

ढाल आम्ही भिंतीवर तशीच ठेवली आहे. तिच्याखाली मी स्वतः एक पाटी रंगवून लावली : ‘गोष्ट : रसूलभाई शिंपी. शेवटाची चूक : बाळू मिस्त्री.’ अक्षर वाकडं आलंय, पण वाचता येतं.

हे लिहीत बसलो होतो तेव्हा सकाळी सकाळी बावड्याहून फोन आला.

“बाळू, वायपरच्या मोटारी मिळत्यात का रं अजून भंगारात?”

“मिळत्यात की. किती पायजेत?”

पलीकडून नुसती पुटपुट ऐकू आली. ते काहीतरी बोटांवर मोजत असावेत. मी बोललो नाही. मोजताना बोलू नये.

“सात धर,” ते म्हणाले. “आन् एक वासरू करायचं हाय.”